व्हर्लनचा झाडू

व्हर्लन स्टिडमच्या उजव्या हाताची तीन बोटं पत्रा दाबणाऱ्या प्रेसनं खाल्ली. ओहायोतल्या त्या कारखान्याची रीतच होती, मशीननं ज्याला मोडलं त्याच्या हाती झाडू द्यायचा. तीच त्याची पोटापाण्याची सोय. मग दुसऱ्या कुणी झाडूला शिवायचं नाही.

पुढं कारखाना जपान्यांनी घेतला. नवे मॅनेजर नागासावा पहिल्याच दिवशी प्रेसपाशी स्वतः झाडायला लागले. "आपली जागा आपणच झाडायची. मीसुद्धा." त्यांच्याकडं, जपानात, हा मान होता. इथं सगळ्यांना वाटलं, साहेबानं व्हर्लनच्या ताटात हात घातला.

व्हर्लनला ते म्हणाले, "सोमवारपासून तुम्ही जुळणीच्या लाइनवर. बढती!"

व्हर्लननं गेलेल्या बोटांच्या जागी कापूस कोंबलेला हातमोजा पाठीमागं लपवला. उरल्या अंगठ्यानं आणि एका बोटानं ड्रिल कसं धरायचं? सांगायची लाज वाटली.

झाडूला कुणीच हात लावेना. नागासावांना वाटलं, माजलेत. "उद्या जो झाडणार नाही, तो घरी."

"हाकला मला," प्रेसवरची वांडा म्हणाली.

"वांडे, पोरं काय खातील तुझी?" शेजारच्या ड्यूईनं विचारलं.

"व्हर्लनचा झाडू तर नाही ना खाणार!"

सकाळी भोंग्याआधी व्हर्लन आला आणि स्वतःच एकेकाच्या हातात झाडू द्यायला लागला.

"अरे येड्या, मग तुझं काय?" वांडा ओरडली.

"गप झाड. तुझी पोरं उपाशी ठेवून मला नोकरी नकोय."

शेवटचा झाडू निसटला, त्याच्याबरोबर हातमोजाही निघून पडला. समोर नागासावा उभे. तो हात बघून ते कमरेत वाकले, वर येईचनात.

"मला कुणी सांगितलं नाही."

"तुम्ही विचारलंत कधी?" वांडा म्हणाली.

"नियम वरून आलाय," ते हळूच म्हणाले. "मला मोडता येत नाही."

मग सगळ्यांनी झाडलं. नियमाप्रमाणं. फक्त प्रत्येकानं आपल्या मशीनखाली पत्र्याच्या तुकड्यांचा एक ढीग सोडला.

नागासावा फेरीला आले. एकेक ढीग बघत चालले, चेहरा लाल होत गेला. घाणेरडी फरशी म्हणजे त्यांची अब्रू गेल्यासारखं.

ते आपल्या टेबलापाशी गेले. खालचं झाडलं, नीट, कोपऱ्यांसकट. सगळं एका जागी गोळा केलं आणि तसंच ठेवलं. झाडू व्हर्लनपुढं धरला, दोन्ही हातांनी.

"व्हर्लनसाहेब, इथं थोडं राहिलंय."

व्हर्लननं हातमोजा न घालताच तो घेतला.