डाव्या हाताला पेलेल अशी रायफल

गॅरेजमधल्या शिडीवरून मी पडले आणि डावं मनगट मोडलं. आत प्लेट बसवली, सहा आठवडे प्लास्टर, मग फिजिओथेरपी. इथे अमेरिकेत, चँडलरच्या इलेक्ट्रॉनिक चिप बनवणाऱ्या कारखान्यातलं माझं काम कॉम्प्युटरवरचं, त्यामुळे नोकरी अडली नाही. नवरा पोळ्या लाटायला शिकला. बंद पडली ती फक्त शनिवार सकाळची नेमबाजी.

नागपूरला कॉलेजात एनसीसीत असताना मी पहिल्यांदा रायफल हातात धरली होती. नंतर लग्न, अमेरिका, मुलगी, नोकरी यांत पंचवीसेक वर्षं निघून गेली. मुलगी कॉलेजला गेल्यावर मी इथल्या नेमबाजीच्या रेंजवर नाव घातलं आणि कागदी टार्गेटवर नेम धरण्यापुरती, एकेक भाग निवडून, स्वतःची रायफल बनवून घेतली. नवऱ्याला हे प्रकरण कधी रुचलं नाही. तो अडवायचा नाही, पण मी निघाले की "झालं की फोन कर" एवढं म्हणायचाच.

प्लास्टर निघून महिना झाल्यावर डॉक्टरांनी जड वजन उचलायला परवानगी दिली, त्या शनिवारी मी रेंजवर गेले. उभं राहून नेम धरला. दहापर्यंत मोजून होण्याआधीच डावा हात थरथरू लागला आणि रायफलचं तोंड खाली झुकलं. गोळी भरलेली नव्हती, तरी मला दरदरून घाम फुटला. रेंजवरचा देखरेखीचा माणूस जवळ आला. "मॅडम, ठेवा ती बेंचवर. आज एवढं पुरे," तो हळूच म्हणाला.

ओरडला असता तर बरं वाटलं असतं. जी वस्तू आपल्याला पेलत नाही ती हातात घेण्याचा हक्क आपल्याला नाही, हे मला कुणी सांगायची गरज नव्हती.

"विकून टाकू या का?" नवऱ्याने जेवताना विचारलं. मी "हो" म्हटलं आणि माझं ताट तसंच राहिलं.

थेरपिस्ट माझ्याहून लहान, भराभर बोलणारी बाई होती. या हाताने तुम्हाला काय करायचंय, असं ती पहिल्या दिवसापासून विचारत होती आणि मी दर वेळी "घरकाम" सांगत होते. रायफलचं नाव काढलं तर ती काय म्हणेल, याची धास्ती होती. त्या आठवड्यात मात्र बोलून टाकलं.

ती डोळे विस्फारून म्हणाली, "आणि मी तुम्हाला महिनाभर भांडी उचलायला लावतेय! आधी का नाही सांगितलं?"

तिने वेगवेगळ्या जाडीच्या नळ्या माझ्या हातात देऊन पाहिल्या. जाड नळी धरली की अंगठा ताणला जायचा आणि कळ थेट मनगटात शिरायची. बारीक नळी मी कितीतरी वेळ धरू शकले. "ताकद येईल हळूहळू. तोवर धरायची वस्तू बदला," ती म्हणाली.

रायफल विकायचं बाजूला ठेवलं आणि शनिवारी बंदुकांच्या दुकानात गेले, तेव्हा नवरा आपणहून सोबत आला. गल्ल्यामागे पांढऱ्या दाढीचे एक निवृत्त सैनिक होते. त्यांनी माझी रायफल तपासली आणि मान हलवली. रायफलच्या नळीवरचं आवरण, म्हणजे हँडगार्ड, जिथे डावा हात येतो, ते जाडजूड होतं. शिवाय खाली मी कधी न वापरलेला दोन पायांचा स्टँड. सगळा भार पुढे. स्टँड त्यांनी लगेच काढून ठेवला.

त्यांनी दोन हँडगार्ड समोर ठेवले. कार्बन फायबरचं उचललं आणि मी हरखलेच, इतकं हलकं! "हेच," मी म्हटलं.

"थांब," नवरा म्हणाला. "तुझा अंगठा बघ. पांढरा पडलाय."

खरंच, त्याची जाडी माझ्या पंजात मावत नव्हती. दुसरं ॲल्युमिनियमचं होतं, भोकाभोकांचं, सडपातळ. वजनाला थोडं जास्त, पण बोटं त्याभोवती नीट वळली. मग ग्रिपची, म्हणजे हँडगार्डखाली लावायच्या मुठीची, पाळी. उभ्या मुठीने मनगट पिरगाळलं जात होतं, तिरकी नेमकी मनगटातल्या प्लेटवर टोचत होती. शेवटी त्यांनी रबराचा छोटासा अडसर खाली लावून दिला. त्याला हात नुसता टेकला की पुढे सरकत नव्हता. दुखणं नाही.

"एवढुसंच?" मी विचारलं.

"मोठं विकलं असतं," आजोबा हसले, "पण दुखायला लागलं की लोक परत आणून देतात."

पुढच्या शनिवारी नवरा कानांवर आवाज रोखणारे मफ लावून माझ्या मागे उभा होता, पहिल्यांदाच. मी आधी रिकामी रायफल धरून तीसपर्यंत मोजलं. तोंड हललं नाही. मग पाच गोळ्या झाडल्या. चार काळ्या वर्तुळात, एक बाहेर. रायफल रिकामी करून बेंचवर ठेवली आणि मी मटकन खुर्चीत बसले.

"दुखतंय का गं?"

"नाही."

"मग रडतेस कशाला?"

"अरे, दुखत नाहीये म्हणूनच!"

टार्गेटचा तो कागद मी थेरपिस्टला नेऊन दिला. तिने बाहेरचं पाचवं भोक बोटाने चाचपलं, "याच्यावर काम करू," म्हणाली आणि कागद माझ्या फाईलला लावून टाकला.