बायांनी म्हणायची ओळ

परवा डहाणूला आमच्या इंटरनेट रेडिओसाठी नवं सॉफ्टवेअर बघत होते. दाखवायला आलेला माणूस कौतुकानं म्हणाला, "मध्ये शांतता आली की हे आपोआप स्टेशनची जिंगल लावतं."

माझं डोकंच फिरलं. नाकात तलासरीच्या आमच्या जुन्या स्टुडिओचा, त्या पत्र्याच्या खोलीचा वास आला, तापलेल्या वायरींचा आणि घामेजल्या हेडफोनचा. तेव्हा तिथं माइकसमोर जान्हीमावशी बसली होती. कासाकडच्या पाड्यांवर लग्नं लावणारी धवलेरी ती, लग्नाचं गाणं थेट प्रसारणात गात होती. एक ओळ म्हणायची आणि थांबायची, कारण तीच ओळ मागून बाया म्हणतात. बाया तिकडे पाड्यावर मोबाइलवर आमचा रेडिओ लावून बसल्या होत्या. ती थांबली आणि धाडकन आमची जिंगल वाजली. पुढच्या ओळीलाही तेच. तेव्हाचं सॉफ्टवेअर निवडणारे आमचे सर काचेमागून वैतागून म्हणाले, "मावशी, गॅप घेऊ नका."

तिनं हेडफोन काढून टेबलावर ठेवले. "बाया तिथं गात होत्या. त्यांच्या तोंडावर हे कशाला वाजवलं?" म्हणाली आणि गाणं अर्धंच टाकून निघून गेली.

तेव्हा मी मशीनवर चिडले होते. आता वाटतं, मशीननं आम्ही सांगितलं तेच केलं. आम्हाला बाया ऐकू येत नव्हत्या, म्हणजे आमच्या लेखी तिथं कुणी नव्हतंच.

परवा त्या माणसाला विचारलं, "हे बंद करता येतं?"

तो हसला. "बंद कशाला, मॅडम? शांतता कोणाला ऐकायचीय?"