बोर्डात तिसऱ्या आलेल्या ताई

माझी फजिती मीच सांगून टाकते बाई! नाहीतर आमच्या नाकाडोंगरी गावात ती सांगणारे पुष्कळ आहेत, आणि प्रत्येक जण तिला आपल्या घरचं तिखट-मीठ लावतो.

तसं मी फार कमी बोलते. वर्गात हजेरीला 'हजर' म्हटलं की माझा दिवसाचा कोटा संपला. पण माझं अक्षर चांगलं आहे. शाळेत चांगल्या अक्षराच्या मुलीचं काय होतं, माहीत आहे ना? फळ्यावरचा सुविचार, आभाराचं पत्र, पाहुण्यांचा परिचय, सगळं तिच्याच गळ्यात!

यंदा मी दहावीत. शाळेच्या बुद्धिबळ संघात चार मुली निवडल्या, त्यात मी. स्पर्धा नागपूरला. फॉर्मवर फक्त बाबांची सही हवी होती. 'फक्त' म्हणायला काय जातं!

बाबांचं किराणा दुकान आहे. मी तिथेच फॉर्म पुढे केला.

"बोर्डाचं वर्ष हाय ना तुयं? मंग हे घोडे-उंट कायले?"

"दोनच दिवस, बाबा."

"घोडा एका उडीत अडीच घरं जाते. तू दोन दिवसांत किती मागं जाशील, हिशेब कर!"

बाबांना बुद्धिबळ मीच शिकवलं. ते माझ्याच अंगावर उलटेल असं कुठे ठाऊक होतं? खेळताना ते सारखी चाल परत मागतात. "थांब वो माय, गिऱ्हाईक आलं होतं, ध्यान नव्हतं मायं!" मी मात्र सोडत नाही. "हात लावला ना? मग तेच मोहरं चालावं लागतं." एवढ्या एका वाक्यापुरती मी शूर असते.

सही काही मिळाली नाही. आणि त्याच आठवड्यात कळलं की शाळेत एक मोठ्या बुद्धिबळपटू ताई येणार. परिचय लिहायचा आणि वाचायचा कुणी? बरोबर!

खेळाच्या सरांनी मला एक कागद दिला. त्यावर ताईंचं सगळं आयुष्य तुटक-तुटक लिहिलेलं. 'आठव्या वर्षी पहिली स्पर्धा. चौदाव्या वर्षी राष्ट्रीय विजेती. पुढे देशाच्या संघात.' आणि खाली: 'बोर्ड – तिसरा. अपराजित. सुवर्णपदक.'

मी ती ओळ तीनदा वाचली. बोर्डात तिसरी! बुद्धिबळ खेळून बोर्डात तिसरी! आता तुम्हीच सांगा, ज्या घरात उठता-बसता 'बोर्ड, बोर्ड' चालतं, तिथल्या मुलीला दुसरं काय सुचणार?

एक शंका आली, खोटं कशाला बोलू. तिसऱ्या नंबरला सुवर्णपदक कसं? मग मीच उत्तर काढलं: सगळ्यांत तिसरी, पण मुलींत पहिली असेल. आणि अपराजित? म्हणजे एकाही विषयात मागे नाही! सरांना विचारलं असतं तर एका मिनिटात उलगडलं असतं. पण विचारायला तोंड उघडावं लागतं.

मी धावत दुकानात गेले.

"बोर्डात तिसरी?" बाबांच्या हातातला तराजू थांबला. "बुद्धिबळ खेळून?"

"आणि एकाही विषयात मागे नाही."

बाबांनी हात पुसले, पेन घेतला आणि सही ठोकली. "खेळ मंग! काहून नाही सांगितलं पहिले, का यानं डोकं इतकं चालते म्हणून?"

इथंच थांबलं असतं तर बरं होतं. पण बाबांनी साखरेच्या प्रत्येक पुडीबरोबर ही बातमीही बांधून दिली. दुसऱ्या दिवशी ती खाणीच्या बसनं शेजारच्या चिखला गावाला गेली. तिथं पोहोचेपर्यंत ताई बोर्डात पहिल्या आल्या होत्या आणि गणितात शंभरपैकी शंभर!

कार्यक्रमाला एरवी पालक पाच येतात. त्या दिवशी बसायला सतरंज्या पुरेनात. जो तो आपल्या दहावीतल्या लेकराला दंडाला धरून आलेला. शेजारच्या काकू तर मुलाचं गणिताचं पुस्तकच घेऊन आल्या होत्या. "ताईनं नुसता हात लावून देला तरी लय झालं!"

मी परिचय वाचला. 'राष्ट्रीय विजेती'ला चार टाळ्या पडल्या. 'दहावीच्या बोर्डात तिसऱ्या, एकाही विषयात मागे नाहीत' म्हटलं, तर टाळ्या थांबेनात!

ताईंच्या कपाळाला आठी पडली. त्या मुख्याध्यापकांकडे बघू लागल्या, मुख्याध्यापक सरांकडे.

"कोणी लिहिलं हे?" मुख्याध्यापकांनी हळूच विचारलं.

सर गोंधळले. मी? मी माझ्या चपलांकडे बघत होते. मी वाचणारी, लिहिणाऱ्याचं मला काय!

तेवढ्यात बाबाच उभे राहिले. "मॅडम, खेळून-बिळून अभ्यास किती तास करत होत्या तुम्ही?"

"दहावीचा?"

"हो जी."

ताईंनी माईक जवळ घेतला. "काका, दहावीत मी गणितात नापास झाले होते. पुन्हा बसून पास झाले."

काकूंनी गणिताचं पुस्तक सावकाश पदराखाली घेतलं.

मग ताईंनी समजावलं. संघात चार खेळाडू, चार पट. पटालाच बोर्ड म्हणतात. कोण कितव्या पटावर बसणार हे आधी ठरतं. "मी तिसऱ्यावर बसायचे. तिथं एकही डाव हरले नाही, म्हणून सुवर्णपदक. बोर्डात नाही हो, बोर्डावर!"

सगळे हसले. बाबा हसले नाहीत. ते सरळ सरांकडे गेले आणि म्हणाले, "सर, तो फॉर्म द्या जरा."

संपलं! माझ्या डोळ्यांत पाणी आलं. नागपूर गेलं, स्पर्धा गेली. मी कशीबशी पुटपुटले, "बाबा..."

"काय बाबा? गिऱ्हाईक आलं तरी तू मले काय म्हणते?"

"हात लावला की..."

"चालाच लागते! सही करून बसलो ना मी. आता वापस कशी घेऊ? फक्त पाहून राहिलो, सही बरोबर जागी हाय का नाही."

यावेळी टाळ्या बाबांना पडल्या. मला वाटलं, सुटले! सही वाचली, आणि परिचय कुणी लिहिला हेही कुणाला कळलं नाही. सर बिचारे माझ्या वाटचं ऐकून घेतील.

ताई कौतुकानं पुढे आल्या. "बघू तरी फॉर्म. चौघींत तू कितव्या बोर्डावर खेळणार आहेस?"

त्यांनी 'बोर्ड' या रकान्यावर बोट ठेवलं. तिथं माझ्या सुंदर अक्षरात, खाली पट्टीनं रेघ मारून लिहिलं होतं: 'नागपूर विभाग, मराठी माध्यम.'

ताईंनी एकदा फॉर्मकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे.

"अच्छा! म्हणजे माझा परिचय तूच लिहिलास तर!"