रिकामी गाडी हलवायची नाही

अण्णांचा उजवा पाय गुडघ्याखालून कापला, तेव्हा परभणीच्या डॉक्टरांनी पुढचं सगळं आम्हाला नीट समजावून सांगितलं होतं. शुगर आटोक्यात राहिली, इंजेक्शन वेळेवर गेलं, पथ्य सांभाळलं, तर डावा पाय वाचेल आणि माणूसही वाचेल. नाहीतर काही सांगता येत नाही. मी मान डोलावत होते, आई तोंडाला पदर लावून उभी होती आणि ज्यांच्याबद्दल हे सगळं चाललं होतं ते माझे वडील भिंतीकडे तोंड करून पडले होते. सेलूला घरी आणल्यावरही त्यांनी तोंड इकडे केलं नाही.

अण्णा जीपवाले. सेलू ते वालूर आणि वालूर ते सेलू, माझ्या जन्माच्या आधीपासून. त्यांची जीप आता अंगणात लिंबाखाली ताडपत्री पांघरून उभी होती आणि ती नजरेला पडू नये म्हणून त्यांनी बाज फिरवून घेतली होती. आई इंजेक्शन घेऊन गेली की ते दंड आखडून घ्यायचे. ओरडत नव्हते, चिडत नव्हते. चिडले असते तर बरं झालं असतं. मला भांडण येतं, गप्प बसलेल्या माणसापुढे माझं काही चालत नाही.

मी गावातच एका कॉम्प्युटर क्लासमध्ये शिकवते. तिथल्या एका मशीनवर कुणीतरी गेम टाकून ठेवला होता. जंगलातून, चिखलातून, दगडधोंड्यांतून जड गाड्या काढायचा गेम. तो काढून टाकायला मी बसले, आणि टाकणाऱ्याला मनातल्या मनात शिव्याही घालत होते. काढण्याआधी एकदा उघडून पाहिला. पडद्यावर एक ट्रक चिखलात रुतला होता. चाक जागच्या जागी फिरत होतं आणि जितकं फिरेल तितकं खाली जात होतं. वालूरच्या रस्त्यावर लहानपणी मी हे इतक्यांदा पाहिलं होतं की मी आपोआप स्वतःलाच म्हणाले, अगं, दाबू नकोस, मागे घे.

तो गेम मी घरच्या कॉम्प्युटरवर घेतला. जुनं स्टिअरिंग मिळालं, तेही आणलं. त्याला पायाने दाबायचे पेडल होते. ते मी माळ्यावर टाकले आणि गाडी पळवायचं नि थांबवायचं काम स्टिअरिंगच्या बटणांवर दिलं. अण्णांच्या बाजेशेजारी टेबल मांडलं आणि त्यांना काही न विचारता मीच चालवत बसले. अर्थातच रुतले. इंजिन रडायला लागलं. बऱ्याच वेळाने भिंतीकडून आवाज आला.

"दुसऱ्या गेरात घे. कामून जीव घ्यायलीस त्याचा?"

दवाखान्यातून आल्यापासून ते पहिल्यांदा आपणहून बोलले होते. मी मुद्दामच दुसरा गिअर टाकला नाही. शेवटी ते कण्हत वळले, उशीला टेकून बसले आणि स्टिअरिंग स्वतःकडे ओढलं.

त्या दिवशी मी नियम केला. आधी इंजेक्शन, मग चावी. चावी म्हणजे कॉम्प्युटर सुरू करणं, पण मी चावी म्हणाले आणि त्यांनीही हसण्यावारी नेलं नाही. दंड पुढे केला. आईने सुई टोचली आणि स्वयंपाकघरात जाऊन रडली.

पण ट्रकवर त्यांचं मन रमेना. मी काय माल वाहणारा हाय का, असं त्यांनी विचारलं. गेममध्ये जीप नव्हती. शोधता शोधता मला कळलं की असे गेम खेळणारे लोक हौसेने स्वतःच गाड्या बनवतात, रस्ते बनवतात, हॉर्न बनवतात आणि ज्याला हवं त्याने घ्यावं म्हणून नेटवर ठेवतात. त्याला मॉड म्हणतात. फाइल उतरवायची, उघडायची, गेमच्या ठरलेल्या फोल्डरमध्ये ठेवायची आणि गेममध्ये जाऊन ती चालू करायची. ऐकायला सोपं आहे. प्रत्यक्षात मॉड जुन्या गेमसाठी बनवलेला असतो, आपला गेम नवा असतो, आणि पडदा काळा होऊन सगळं बंद पडतं. क्लासमध्ये पोरींना धीर धरा म्हणून शिकवणारी मी, घरी कीबोर्ड आपटत होते.

शेवटी एक चालला. मागे समोरासमोर आडव्या सीटा असलेली उघडी जीप. ती बनवणारा कुठल्यातरी बर्फाच्या देशातला होता आणि फोटोच्या जागी त्याने मांजर लावलं होतं. आम्ही त्याला मांजरवाला म्हणायला लागलो.

अण्णांनी जीप चारी बाजूंनी फिरवून पाहिली. इंजिन चालू केलं. आणि थांबले. मला वाटलं गेम अडकला. मी वाकून बटणं दाबायला लागले तर त्यांनी माझा हात झटकला.

"सीटा कुठंयत?"

सीटा म्हणजे सवाऱ्या. स्टँडवर गाडी लावायची, त्या आत भरायच्या, मग मागे लटकायला लोक आले की निघायचं, हा त्यांचा जन्माचा शिरस्ता. रिकामी गाडी जाग्यावरून हलवली की दिवस बरकतीचा जात नाही, असं त्यांच्या स्टँडवरचे सगळेच मानायचे. माझी आत्या एकदा फार आजारी होती, तेव्हासुद्धा तिच्याकडे निघताना अण्णांनी शेजारच्या दोघांना उगीचच बसवून नेलं होतं. आता ते बर्फाच्या देशातल्या त्या सुनसान जंगलात इंजिन चालू ठेवून सवाऱ्यांची वाट पाहत होते. मी हसले. आई हसली. आमच्या घरात कितीतरी दिवसांनी कुणी हसत होतं. अण्णा मात्र हसले नाहीत. बराच वेळ वाट पाहून त्यांनी इंजिन बंद केलं आणि विचारलं की हे कुणाचं गाव हाय, इथं एकबी माणूस न्हाई.

म्हणून मी माणसं शोधली. मांजरवाल्यानेच जीपमध्ये बसलेली माणसं बनवली होती. सगळ्यांच्या डोक्याला लोकरी टोप्या, चेहरे एकसारखे, मध्ये रुमाल बांधलेली एक म्हातारी. ती बसवली. मग हॉर्न. मॉडमधला हॉर्न अण्णांना पिपाणी वाटायचा. मी ताडपत्री काढली, शेजाऱ्यांच्या ट्रॅक्टरची बॅटरी जोडून घेतली, आपल्या जीपचा हॉर्न मोबाइलवर भरला आणि मॉडमधली आवाजाची फाइल काढून तिच्या जागी ही ठेवली. अण्णांनी तो पहिल्यांदा वाजवला तेव्हा आई पिठाच्या हातांनी थेट फाटकापर्यंत गेली. तिथून परत आली ती पुन्हा परातीपुढे बसली.

त्यानंतरचे महिने चांगले गेले. चांगले म्हणायलाही आता भीती वाटते. अण्णा सकाळीच दंड पुढे करून बसायचे. टोपीवाल्यांना म्हणायचे, सरका, सरका पुढं. गेममधल्या चिखलावर त्यांचा भरवसा नव्हता. हा चिखल लय हलका हाय, म्हणायचे, आपली काळी माती एकदा चाकाला बसली की सळईनं खरवडावी लागती. ब्रेक बटणावर होता, पण उतार आला की त्यांच्या उजव्या मांडीवरची चादर हलायची. मी तिकडे बघायचं नाही असं ठरवलं होतं. जखम भरली. कृत्रिम पायाचं माप द्यायला जाऊ, हे मी बोलले आणि ते नको म्हणाले नाहीत. मला वाटलं, जिंकले मी.

एके दिवशी क्लासवरून आले तर स्टिअरिंगवर टॉवेल टाकलेला होता. आईने सांगितलं की सकाळपासून त्यांनी हात लावला नाही. मी विचारलं. ते म्हणाले की गेममध्ये रस्त्याच्या टोकाला चार घरं आहेत, तिथं जाऊन ते रोज थांबतात, हॉर्न देतात. कुणी उतरत नाही. तीच माणसं घेऊन परत यायचं, तीच घेऊन पुन्हा जायचं.

"ती म्हातारी तर दिवाळीपासून बसून हाय. तिला घरी जायचं नसंल का, बाई?"

मी समजावलं की ती माणसं खरी नाहीत, जीपच्या पत्र्यासारखीच ती जीपला जोडलेली आहेत. हे त्यांना कळत नव्हतं असं नाही. त्यांना सगळं कळत होतं. माणसं उतरवता येत नाहीत तर ही कसली ड्रायव्हरी, एवढंच ते म्हणाले आणि भिंतीकडे वळले.

मी मांजरवाल्याला लिहिलं. मशीनकडून भाषांतर करून घेतलं आणि सगळं सांगितलं, पायाचं, सीटांचं, म्हातारीचं. त्याचं लगेच उत्तर आलं. माणसं उतरवणं जमणार नाही, पण दुसरी एक युक्ती सुचते आहे, करून पाहतो, थोडा वेळ द्या. मी अण्णांना सांगितलं. ते हूं म्हणाले.

वेळ तेवढा नव्हता. दंड पुन्हा आखडला गेला. मी भांडले, हात जोडले, आईला मध्ये घातलं. डाव्या पायाचा अंगठा काळा पडला आणि आम्ही पुन्हा परभणीला त्याच डॉक्टरांपुढे उभे राहिलो. हाही पाय काढावा लागेल आणि लवकर काढावा लागेल, असं ते म्हणाले. अण्णांनी नाही म्हणून सांगितलं. मी त्यांच्या खाटेजवळ बसून नाही नाही ते बोलले. तुमी आमचा विचारच करत न्हाई, असं मी म्हणाले. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग माझा हात धरला. त्यांचा हात तापलेला होता.

"माझं गाव आलं, बाई. आता तू गाडी थांबव."

मी आईकडे पाहिलं. ती काहीतरी बोलेल असं मला वाटलं होतं. तिने त्यांच्या अंगावरचं पांघरूण नीट केलं आणि घरी न्यायची तयारी करायला लागली. मला त्या दोघांचाही राग आला. अण्णांचा राग अजून गेलेला नाही. घरी आल्यावर त्यांनी लिंबाच्या सावलीच्या बाजूला बाज फिरवून मागितली, आणि जीपकडे तोंड करूनच गेले.

मांजरवाल्याचा निरोप आला तेव्हा तेरावं होऊन गेलं होतं. उशीर झाला म्हणून त्याने माफी मागितली होती. त्याने तीच जीप दोनदा बनवली होती, एक भरलेली आणि एक रिकामी. रस्त्याच्या टोकाच्या घरांपाशी त्याने एक गॅरेज टाकलं होतं. भरलेली जीप तिथे आत न्यायची आणि बाहेर येताना रिकामी निवडायची, म्हणजे माणसं उतरली. शेवटी त्याने विचारलं होतं, तुमचे वडील कसे आहेत. मी बरेच दिवस काही लिहिलं नाही.

मग एका दुपारी टॉवेल काढला. जुनी फाइल फोल्डरमधून हलवली, नव्या दोन्ही ठेवल्या, आमचा हॉर्न पुन्हा त्यात घातला. भरलेली जीप घेऊन निघाले. मी अण्णांसारखी चालवत नाही, दोनदा रुतले. घरांपाशी पोचल्यावर हॉर्न दिला. आई आतून आली आणि फाटकाकडे न जाता रिकाम्या बाजेवर येऊन बसली. मी जीप गॅरेजमध्ये नेली आणि बाहेर काढली. मागच्या सीटा मोकळ्या होत्या. म्हातारीही नव्हती.

"उतरले का समदे?" आईने विचारलं.

मी हो म्हणाले. मी जीप परतीच्या रस्त्याला वळवली आणि बटणावर बोट ठेवलं, तेव्हा आईने माझ्या मनगटाला हात लावला.

"थांब जरा. रिकामी नको नेऊ. कुणी यायलंय का बघ."

आम्ही दोघी इंजिन चालू ठेवून बसून राहिलो.