हरलेल्यांचं प्रकरण

स्वातंत्र्य येऊन सात-आठ वर्षं झाली असतील. मी कोल्हापुरात बी.ए. झाले आणि घरात माझ्या लग्नाची घाई सुरू झाली. ती टाळायची म्हणून मी मुद्दाम दूरची नोकरी मागून घेतली. अशी मी मालवणजवळच्या एका खाडीकाठच्या गावात शिक्षिका होऊन आले. गावातले कर्ते पुरुष बहुतेक मुंबईला होते, कुणी गिरणीत, कुणी गोदीत. मागे होत्या बायका, म्हातारी माणसं आणि मुलं. त्यामुळे गावाचा कारभार, कुणी तसं बोलून दाखवत नसलं तरी, बायकाच चालवत होत्या.

रविवारी दुपारी शाळेच्या पडवीत मी वर्तमानपत्र वाचून दाखवत असे. ते मुंबईहून बोटीनं यायचं. हातात पडेपर्यंत शिळं झालेलं असायचं, पण त्याची कुणाला फिकीर नव्हती. एका रविवारी वर्तमानपत्र आलंच नाही. पडवी तर भरलेली. मला कॉलेजात बक्षीस म्हणून एक जाडजूड इंग्रजी पुस्तक मिळालं होतं. कुणी एक परदेशी विचारवंत समुद्र ओलांडून लांबच्या देशात गेला होता. राजा नसलेल्या देशात माणसं कारभार कसा करतात, एकमेकांशी कशी वागतात, हे गावोगाव हिंडून त्यानं पाहिलं आणि त्या पुस्तकात लिहून काढलं. वेळ मारून न्यावी म्हणून त्यातलं थोडं मी सोप्या मराठीत सांगितलं.

ते लोकांना इतकं आवडेल असं मला वाटलं नव्हतं. ऐकणाऱ्यांत एक म्हातारे तांडेल होते. त्यांचा जन्म बोटींवर गेलेला. तो देश आपण डोळ्यांनी पाहिलाय, असं त्यांनी जाहीर केल्यावर सगळे त्यांच्याकडे वळून बसले. मग खोदून खोदून विचारल्यावर कळलं, की त्यांनी पाहिलं होतं ते एक बंदर आणि बंदरातली एक खानावळ. तरीही त्या दिवसापासून मी काही सांगितलं, की लोक आधी तांडेलांकडे बघायचे आणि त्यांनी मान डोलावली की मगच विश्वास ठेवायचे.

त्या विचारवंताची एक गोष्ट मात्र गावाला फारच पटली. तो म्हणत होता, की त्या देशात रस्ता अडला तर लोक सरकारची वाट बघत बसत नाहीत. शेजारीपाजारी जमतात, मंडळ करतात, मतं घेतात आणि कामाला लागतात. ती माणसं आपल्यापेक्षा चांगली आहेत म्हणून नव्हे, तर त्यांना तशी सवय लागलेली आहे म्हणून. आणि ही सवय छोट्या कामांतूनच लागते.

छोटं काम आमच्या डोळ्यांसमोरच होतं. गाव आणि शाळा यांच्यामध्ये एक व्हाळ होता. पावसाळ्यात तो ओढा असा फुगायचा, की माझे अर्धे वर्ग रिकामे पडायचे. त्यावर साकव, म्हणजे छोटा पूल, बांधून मिळावा म्हणून गावाचे कचेरीत अर्ज करून झाले होते. आता बायकाच म्हणाल्या, की आपणच बांधू. मंडळ झालं, तांडेल अध्यक्ष झाले. माझा आनंद तर विचारू नका. पुस्तकातलं पान उठून चालायला लागलंय असं मला वाटत होतं.

प्रश्न आला तो जागेचा. वरची वाडी मोठी, शेतकऱ्यांची. त्यांना साकव देवळामागे हवा होता, म्हणजे शिमग्यात देवाची पालखी त्यावरून पलीकडच्या घरांना नेता आली असती. खालची वाडी लहान, मासेमारी करणाऱ्यांची. त्यांना तो खाली उंडीच्या झाडापाशी हवा होता. हात वर करून मतं घेतली. वरच्या वाडीचे हात कितीतरी जास्त होते. टाळ्या झाल्या. मीही वाजवल्या.

दुसऱ्या दिवशी काम सुरू झालं आणि खालच्या वाडीचं एकही माणूस आलं नाही. भांडण नाही, तंटा नाही, नुसते आले नाहीत. पुढच्या रविवारी पडवीतही त्यांच्यातली एकटीच आली. ती मासे विकायची, गाव तिला काकी म्हणायचं. रिकामी पाटी बाहेर ठेवून ती खांबाला टेकून बसली, सगळं वाचन ऐकून घेतलं आणि शेवटी शांतपणे म्हणाली,

“बाई, तुमच्या त्या सायबान जिकलेल्यांचा बरा लिवल्यान. हरलेल्यांचा काय्येक लिवूक नाय?”

पुस्तक मी स्वतःच पुढे वाचलेलं नव्हतं. बघून सांगते, असं तिला म्हटलं आणि त्या आठवड्यात शाळा सुटल्यावर रोज शब्दकोश घेऊन बसले. हरलेल्यांबद्दल त्यानं चांगलं अख्खं प्रकरण लिहिलं होतं. राजेशाहीत राजा छळू लागला तर निदान शेजाऱ्यापाशी रडता तरी येतं, असं त्याचं म्हणणं. पण सगळा गावच एका बाजूला झाला, तर उरलेल्यानं गाऱ्हाणं कुणाकडे न्यायचं? शिवाय आपण जास्त आहोत म्हणजे आपलंच बरोबर, असं जास्त असलेल्यांना हळूहळू वाटायला लागतं. लोकशाहीत त्याला सगळ्यात जास्त भीती याचीच वाटत होती.

हे गावापुढे वाचावं का, याचा मी दोन दिवस विचार केला. मी राहत होते वरच्या वाडीत, आणि माझी घरमालकीण देवळामागच्या जागेसाठी सगळ्यांत मोठ्यानं बोललेली. पेज वाढणारी तीच. पण काकीला शब्द दिला होता. रविवारी मी ते प्रकरण सांगितलं, आणि सगळ्यांना नीट कळावं म्हणून जमेल तसं मालवणीत सांगितलं. माझ्या कोल्हापुरी मालवणीला एरवी हशा व्हायचा. त्या दिवशी कुणी हसलं नाही.

आधी घरमालकीणच बोलली. “म्हणजे आता राजा आमीच की काय?”

“तसाच दिसता,” तांडेल म्हणाले.

पहिल्यांदा हसली ती काकी. मग घरमालकीण हसली, आणि मग सगळी पडवी.

तांडेलांनी सुचवलं, की पुन्हा हात वर करण्याआधी खालच्या वाडीहून देवळामागपर्यंत एकदा ओझं घेऊन चालून बघावं. बाजाराच्या दिवशी वरच्या वाडीतल्या पाच-सहा जणी निघाल्या. घरमालकिणीच्या डोक्यावर काकीची माशांची पाटी. मीही मागून गेले. वाट चिखलातून जात होती आणि भरतीचं पाणी नुकतंच ओसरलेलं. अर्ध्या वाटेवर घरमालकिणीचा पाय सरकला आणि ती पाटीसकट चिखलात बसली. बांगडे चहूकडे. काकीनं तिला हात देऊन उभं केलं आणि दोघी वाकून मासे वेचायला लागल्या.

“ह्या वाटेन तू रोज जातंस?” घरमालकिणीनं विचारलं.

“रोज खंय? भरती आसली की लांबसून जातंय.”

पुढच्या सभेत जागा बदलली. उंडीच्या झाडाच्या बाजूनं सगळ्यात आधी हात वर गेला तो घरमालकिणीचा. पण देवळाच्या पुजाऱ्यांची एक अडचण होती. पालखी त्या साकवावरून जायची, तर खांदेकरी शेजारी शेजारी चालतील इतका तो रुंद हवा. नेहमीच्या साकवासारखे दोन माड टाकून भागलं नसतं. खालच्या वाडीनं आपसांत थोडा विचार केला आणि रुंदीसाठी लागतील तेवढे माड आपण देतो असं कबूल केलं. तिथं सगळं मिटलं.

मे महिन्यात मुंबईकर सुट्टीला आले, त्यांनाही जुंपलं. जांभ्या दगडाचे खांब उभे राहिले, त्यावर माडाची खोडं बसली. मीही चिरे वाहिले. हाताला फोड आले म्हणून घरमालकिणीनं खोबरेल चोळलं आणि माझ्या नाजूकपणावर आठवडाभर विनोद केले. पावसाळ्यात व्हाळ दुथडी भरला, तरी माझे वर्ग भरलेले होते.

पुढच्या शिमग्यात एक गंमत झाली, जिचा कुणीच विचार केलेला नव्हता. आजवर खालच्या वाडीत पालखी अगदी शेवटी, दिवस कलताना यायची. आता साकवाकडे जायची वाटच त्या वाडीतून, त्यामुळे पलीकडची घरं आधी घ्यायला निघालेला देव तिथं भरदुपारी पोचला आणि वरच्या वाडीची पाळी शेवटी गेली. अंगणं सारवून, रांगोळ्या घालून सगळे वाट बघत होते. ढोल वाजत होते, खांदेकरी काकीच्या अंगणात पालखी नाचवत होते, आणि तिनं माझ्या ओंजळीत गुळाचं खाजं इतकं ओतलं, की निम्मं खाली सांडलं. मी तिथं परकी आहे हे मी त्या दुपारी पार विसरून गेले होते.

तेवढ्यात घरमालकीण त्या अंगणापर्यंत चालत आली. पालखी इथंच रेंगाळली तर आमच्या वाडीत कधी यायची, अशी तिची तक्रार. काकीनं तिच्याही हातावर खाजं ठेवलं.

“फुडल्या सभेत सांग,” ती म्हणाली. “मी तुझ्या बाजून हात वर करतंय.”

आणि पुढच्या सभेत तिनं तो वर केलाही.