ड्रायव्हरचा गुरुवार

ही घटना माझ्या मनातून अजून गेलेली नाही. हल्ली आमच्या घरी रोज एक पोलिसी मालिका लागते. तिच्यातल्या दोन तपास अधिकाऱ्यांचं एकमेकांशी अजिबात पटत नाही, आणि गुन्हे मात्र दोघं मिळून उघडकीस आणतात. सूनबाईंनी विचारलं, अशा जोड्या खरंच असतात का? असतात. चाकणच्या पट्ट्यात मी पोलीस ठाण्याचा प्रभारी होतो, तेव्हा माझ्याकडे एक होती.

हवालदार मावळातले, निवृत्तीला टेकलेले आणि अखंड बोलणारे. चहा झाल्याशिवाय त्यांचा तपास सुरू होत नसे. फौजदार मॅडम तरुण, मोजकं बोलणाऱ्या. उपासतापास, देवधर्म त्यांच्या घरात नव्हता. पण कोणाच्याही घरी गेल्या की तिथली माणसं काय खातात, कधी झोपतात, सगळं बारकाईनं विचारायच्या. दोघांनीही वेगवेगळं येऊन जोडी बदलायची विनंती केली होती. मी दोघांनाही 'बघू' म्हणून वाटेला लावलं.

त्या आठवड्यात महाळुंग्याहून सुट्या भागांनी भरलेला ट्रक निघाला आणि पोहोचलाच नाही. रिकामा ट्रक हायवेच्या कडेला मिळाला. ड्रायव्हर बेपत्ता. कंपनीच्या मॅनेजरनं फिर्यादीत सरळ त्याचंच नाव घातलं. रहाटणीत त्याची बायको दोन मुलींना घेऊन बसली होती आणि शेजारणी तिच्याशी बोलायच्या बंद झाल्या होत्या. "माझा माणूस चोर नाही, त्याच्या जिवाचं बघा," एवढंच ती मॅडमना म्हणत राहिली.

माल भरून देणाऱ्या सुपरवायझरचा जबाब आम्ही घेतला होता. कुठंच बोट ठेवायला जागा नव्हती.

गुरुवार उजाडला. त्या पट्ट्यात कंपन्यांची आठवड्याची सुट्टी गुरुवारी. त्यामुळे खानावळीत त्या दिवशी मटण, आणि उपासवाल्यांसाठी साबुदाण्याची खिचडी. हवालदार दुपारी कुरुळीच्या खानावळीत जाऊन आले आणि हसत हसत सांगू लागले. खानावळवाल्या मावशी म्हणाल्या होत्या, "त्यो सुपरवायझर मटणाच्या रश्श्यासाठी भांडतोय दर गुरुवारी. आज बी वरपला, अन् जाताना खिचडी बांधून न्हेली. आमी म्हणलं, ह्याला कधी देव आठवला?"

आम्ही सगळे हसलो. मॅडम हसल्या नाहीत.

"काका, ड्रायव्हरचा गुरुवार असतो," त्या म्हणाल्या. "कडक. त्याच्या बायकोनं सांगितलंय."

हवालदारांनी चहाचा कप खाली ठेवला. अर्धा भरलेला कप त्यांनी खाली ठेवलेला मी पहिल्यांदाच पाहिला.

सुपरवायझरला आणलं. आवाज चढवला नाही, हात उगारला नाही. मॅडमनी एकच विचारलं, खिचडी कोणासाठी नेली? तो म्हणाला, मीच हल्ली गुरुवार धरतो. तेव्हा हवालदार शेजारी बसून मायेनं म्हणाले, "मग रस्सा कुणी खाल्ला, भावा?"

तो रडायलाच लागला. "ड्रायव्हर गुरुवार म्हणून अन्नाला शिवत नव्हता साहेब. मला बघवलं नाही." माल साथीदारांनी नेला होता, आणि संध्याकाळी ते ड्रायव्हरलाही कुठंतरी लांब नेणार होते. आम्ही ऊन असतानाच त्यानं दाखवलेल्या बंद शेडचं कुलूप तोडलं. हातपाय बांधलेला, पण जिवंत माणूस मिळाला. त्याला दवाखान्यात पोहोचवून आम्ही साथीदारांच्या मागे लागलो. तेही सापडले.

माझ्या लेखी काम झालं होतं. पण ही जोडगोळी मला न विचारता, दवाखान्यातून सोडल्यावर ड्रायव्हरला जीपमध्ये घालून रहाटणीला गेली. हवालदारांनी जिन्यातूनच शेजारणींना नावानिशी हाका मारून बाहेर बोलावलं. आणि ज्या मॅडम ठाण्यात चार वाक्यं बोलायच्या नाहीत, त्या सगळ्यांसमोर मोठ्यानं म्हणाल्या, "यांनी चोरी केलेली नाही. फिर्यादीत नाव आलं, ते चुकीचं होतं. हे पोलीस सांगतायत."

गुन्हेगार पकडणं मला येत होतं. माणसाला त्याच्या दारात परत उभं कसं करायचं, हे मी या दोघांकडून शिकलो, आणि मला त्यांचा अभिमान वाटतो. जोडी बदलायचं पुन्हा कोणीच बोललं नाही.