कमिशनरची छत्री

"ए बाई, छत्री धर."

कोर्टानं नेमलेला कमिशनर मला म्हणाला. माझ्याच रानात. मी धरली. वर "व्हय साहेब" पण म्हणाले.

न्हावऱ्यात आमचं रान सव्वा एकर. शेजारी आप्पांचा ऊस. दर साली नांगरताना त्यांनी आमचा बांध थोडा थोडा कोरला. कोरत कोरत आमच्या विहिरीला भिडले. आता म्हणतात, विहिरीचा अर्धा काठ आमचा. ती विहीर माझ्या बापानं स्वतः खांदली. बाप गेला, तवा त्यानं घातलेला दावा माझ्या गळ्यात आला. शाळा आठवीत सुटलेली. मी कुरकुंभला कंपनीत पॅकिंगला, तिथंच खोली करून राहते. कोर्टाचा कागद आला की तो घेऊन वकिलाकडं पळायचं.

म्हणून कमिशनर बांध बघायला येणार कळलं, तवा मला रडू आलं. कोर्टाचा माणूस आमच्या बौद्धवाड्यातल्या माणसाच्या रानात पाय ठेवणार. बघणार. खरं काय ते लिहिणार. कंपनीतली पाळी सुटली तशी दौंडला आले, न्हावऱ्याची एसटी धरली.

आईनं घरातली खुर्ची पदरानं पुसून बांधावर ठेवली होती. आप्पा म्हणाले, "सायेब, ती त्यांची खुर्ची हाय. आपली येतीय."

आपली आली. साहेब तिच्यावर बसले. आईची खुर्ची उन्हात रिकामी. साहेब आले हेच उपकार, असं मनाला सांगत राहिले.

विहिरीपासून बांधापर्यंत टेप लावायचा होता. एक टोक आमच्याकडं, एक त्यांच्याकडं, एवढं मलाही कळत होतं. मी पुढं झाले, तर साहेबांनी हातात छत्री दिली. आमचं टोक आप्पांच्या गड्यानं धरलं. दुसरं आप्पांच्या पोरानं.

मी म्हणाले, "साहेब, जुना बांध त्या बोरीपाशी होता. खोड अजून हाय."

"मध्ये बोलू नको. छत्री सरळ धर, कागदावर ऊन येतंय."

आप्पा म्हणाले, "कंपनीत सायबाच्या मागं उभं राहायची सवय हाय तिला. हात न्हाई दुखायचा."

सगळे हसले. खरं सांगते, मी पण हसले. त्या हसण्याची मला अजून लाज वाटते.

हात भरून आला. नजर कागदावर गेली. आठवीपर्यंतचं वाचता येतं मला. वादी म्हणजे मी. साहेबांनी लिहिलं होतं: 'वादीसमक्ष मोजमाप केले. वादीची हरकत नाही.'

गडी अजून टेप घेऊन विहिरीला वळसा घालत होता. आकड्याची जागा तेवढी मोकळी.

मी छत्री मिटली.

साहेबांच्या डोक्यावर ऊन पडलं. "काय झालं?"

"टेप अजून पोचला न्हाई. माझी हरकत न्हाई, हे तुम्हाला कुणी सांगितलं?"

आई धावत आली. "पाया पड सायबांच्या. माफी माग." मी पडले न्हाई. साहेबांनी कागद पुढं केला. मी सही केली न्हाई. आधी बोरीच्या खोडाचं लिहा, असं मी म्हणाले. त्यांनी लिहिलं न्हाई.

अहवाल कोर्टात गेला. त्यात हाय, वादीनं कामात अडथळा आणला, सहीला नकार दिला. त्याच पानावर वर हाय, वादीची हरकत नाही.

आमचे वकील म्हणतात, कोर्ट बहुतेक अहवालच धरतं. विहीर जाईल. मला झोप लागत न्हाई. पॅकिंग करताना हात चुकतो. आई म्हणते, "छत्री धरली असतीस घटकाभर, तर काय झालं असतं?"

मी त्या अहवालावर हरकत लिहिली. माझ्या हातानं, एक पान. कमिशनरला साक्षीला बोलवा, असा अर्जही वकिलांना द्यायला लावला. विहीर राहो न राहो. ते पिंजऱ्यात उभे राहतील, तवा मी समोर असणार. प्रश्न एकच विचारायला लावणार: टेप पोचायच्या आधी ती ओळ कुणाला विचारून लिहिली? त्याचं उत्तर कोर्टाच्या कागदावर चढेपर्यंत मी एकही तारीख चुकवणार न्हाई.